रिबेकाच्या हातचा एक लाटका

"मावशी, मम्मी गेला," लीआ फोनवर म्हणाली. रिबेकाची मुलगी, इथं इंग्लंडात रीडिंगलाच जन्मलेली, मोडकंतोडकं मराठी बोलते ती आईच्या हट्टापायी. त्या सकाळी इंग्रजीत सांगितलं असतं तरी चाललं असतं, पण तिनं मराठीतच सांगितलं. मी ऑफिसला निघाले होते, कोट अंगात होता. तशीच जिन्याच्या पायरीवर बसले... ब्रॅकनेलची ट्रेन गेली, पुढचीही गेली. रडू आलं नाही. दोन वर्षांचं तिचं आजारपण, हॉस्पिटलच्या खेपा, यानं आम्ही सगळेच इतके दमलो होतो की आधी नुसतं बसावंसं वाटलं. आता आठ आठवडे होतील. दमणूक काही जात नाही.

रिबेका अलिबागकडची, बेने इस्राएल. म्हणजे कोकणात पिढ्यान् पिढ्या राहिलेले, आपल्यासारखंच मराठी बोलणारे ज्यू. आमची ओळख झाली स्लाऊच्या एका किराणा दुकानात, ऐंशीच्या दशकाच्या सुरुवातीला. नारळ कानाशी धरून हलवत "हा मेला कोरडाच दिसतोय" असं कुणीतरी म्हणालं आणि मी गर्रकन वळले. तिचा नवरा डॅनियल इथलाच, त्याचे आजी-आजोबा पोलंडहून आलेले. लग्नाला घरून विरोध नव्हता, पण डॅनियलच्या आईला, एस्टरबाईंना, साडी नेसणारी ज्यू सून पचायला जड जात होती. त्या तिला कधी टाकून बोलल्या नाहीत. नुसत्या विचारायच्या, "तुमच्याकडे हे करतात का गं?" आणि रिबेकाचं तोंड एवढंसं व्हायचं.

हनुक्का हा त्यांचा दिव्यांचा सण. रिबेकाला मलिदा ठाऊक, गूळ-खोबरं घातलेल्या पोह्यांचा नैवेद्य, पण तिच्या सासरी हनुक्का म्हणजे लाटके, बटाट्याचे तळलेले छोटे चपटे वडे. एका वर्षी सगळे पहिल्यांदाच तिच्याकडे जेवायला येणार होते. एस्टरबाईंनी फोनवर कृती सांगितली: बटाटा किसायचा, कांदा, अंडं, थोडं पीठ, मीठ, आणि तेलात तळायचं. "हात्तिच्या! म्हणजे उपासाचा कीसच की, अंडं घातलेला," मी म्हटलं. आम्ही दोघी शहाण्या कामाला लागलो. कीस म्हटल्यावर हात आपोआप चालले. तीन पाण्यांतून धुतला, अगदी पाणी नितळ येईपर्यंत, घट्ट पिळला. आणि तव्यात सगळा फुटला. झारा लावला की चिंध्या. घाबरून आम्ही पीठ ओतत गेलो, तर निघाले चामट गोळे. लाटक्यांत बटाट्याचा चीक घालवायचाच नसतो हे आम्हाला कोण सांगणार? एस्टरबाईंना ते सांगावं लागेल असं वाटलंच नसणार. पिळून निघालेलं पाणी त्या तसंच ठेवायच्या, आणि तळाशी बसलेला पांढरा साका पुन्हा किसात घालायच्या.

जेवताना त्यांनी काटा टोचला, एक तुकडा बाजूला सारला आणि प्रेमानं म्हणाल्या, "डिअर, पुढच्या वर्षापासून मीच घेऊन येत जाईन. तू कशाला त्रास घेतेस." ते प्रेमानं म्हटलं तेच वाईट झालं. नाहीतर भांडता तरी आलं असतं.

मग दरवर्षी त्या बिस्किटांच्या डब्यात आपले लाटके घेऊन यायच्या. रिबेका दोन वर्षांत सुरेख करायला शिकली, कडा कुरकुरीत, आत मऊ. मिरचीसुद्धा घालायची नाही, हुबेहूब त्यांच्यासारखे. मुलं तिचेच आधी संपवायची. एस्टरबाई मात्र आपल्या डब्यातलाच घ्यायच्या. "अगं, सरळ वाढ ना त्यांच्या ताटात," मी चिडून म्हणायचे. "एकदा वाढला होता. 'नो, थँक यू' म्हणाल्या," ती सांगायची. "एक घास, संध्या. एक घास खाल्ला असता तर काय बिघडलं असतं? मी त्यांच्या घरातली झाले असं मला वाटलं असतं." चौदा वर्षं मी हे ऐकलं. कधीकधी कंटाळलेसुद्धा. आता त्याची लाज वाटते.

शेवटची भेटले ती ऑक्टोबरात. सोफ्यावर पांघरुणात होती, आवाज अगदी बारीक झालेला. "यंदा तू तळ," म्हणाली. "माझ्या पद्धतीनं. आणि त्यांना एक वाढ. नाही खाल्ला तर राहू दे, पण वाढ." मी हो म्हटलं.

मागच्या महिन्यात हनुक्का आला. डॅनियल नको म्हणत होता, लीआनं ऐकलं नाही. मी रिबेकाच्या स्वयंपाकघरात उभी राहून किसले, पिळले, तळले. एस्टरबाई आल्या त्या रिकाम्या हातांनी. सरळ आत आल्या, गॅसपाशी उभ्या राहिल्या. मी एक लाटका बशीत घालून पुढे केला. त्यांनी हातानंच तोडला, खाल्ला, दुसरा मागितला. मला आनंद व्हायला हवा होता. मला संताप आला. आता? आता खाऊन काय करायचंय?

"हे माझ्यापेक्षा चांगले आहेत," त्या म्हणाल्या. "मला पुष्कळ आधीच वासावरून कळलं होतं. पण डबा आणायचा थांबवला तर या घरात माझं काय काम उरलं असतं? तिला सगळंच यायला लागलं होतं." मग तव्याकडे बघत, "तिला वाईट वाटायचं का?"

खोटं बोलणं मला सोपं होतं. म्हातारी बाई, सून गेलेली. पण माझ्यात तेवढं बळ उरलं नव्हतं.

"हो," मी म्हटलं. "दरवर्षी वाटायचं."

त्यांनी मान हलवली. रडल्या नाहीत. बशी पुन्हा पुढे केली आणि मी वाढला. "बसा ना," लीआ दारातून म्हणाली, खुर्चीही ओढली तिनं. आम्ही दोघी उभ्याच राहिलो. रिबेका सगळ्यांना वाढून झालं की गॅसपाशी उभ्यानंच खायची, तव्यातला शेवटचा. एस्टरबाईंनाही ते माहीत असणार, कारण शेवटचा तव्यात राहिला तेव्हा आमच्यापैकी कुणी त्याला हात लावला नाही.