काहिलीचा संदर्भ

चष्मा कपाळावर सरकवायचा आणि विचारायचं, "कोण म्हणतंय?" ही आमच्या गल्लीतल्या काकांची सवय. मंगळवार पेठेतल्या माझ्या टायपिंगच्या दुकानात कुणी सहज म्हणालं, "वांगी महागली," तरी चष्मा वर जायचा. "मंडईतनंच आलोय की!" असं उत्तर मिळालं तरच तो खाली यायचा. अशी माणसं तुमच्याही गल्लीत असतील. आपण त्यांना वैतागतो आणि ती गेली की गल्ली ओकीबोकी वाटते.

काकांची उभी हयात वर्तमानपत्रात गेली. निवृत्तीनंतर त्यांना ऑनलाइन ज्ञानकोशाचा नाद लागला. टायपिंग येत नव्हतं, म्हणून ते सांगायचे आणि मी बडवायचो. तिथं कुणीही लिहू शकतं, पण लिहिलेल्याला विश्वासार्ह संदर्भ लागतो. हा नियम त्यांनी देव्हाऱ्यातच बसवला होता म्हणा ना.

एकदा त्यांनी एका माजी आमदारांचं पान उघडायला लावलं. हे आमदार म्हणजे काकांचे तालमीतले दोस्त. पान त्यांच्या एका कार्यकर्त्यानं लिहिलेलं. 'झुंजार नेतृत्व', 'गोरगरिबांचा आधारवड', आणि खाली संदर्भांची ही लांबलचक रांग. काकांनी एकेक संदर्भ उघडून बघितला. सगळ्या वाढदिवसाच्या पुरवण्या!

काका मजकूर उडवणार हे कळताच कार्यकर्ता दुकानात येऊन भांडला. "पेपरात छापून आलंय की, काका!"

"जाहिरात हाय ती, बाबा. मजकूर सायबाच्या हापिसातनंच यायचा. मी फकस्त शुद्धलेखन तपासायचो."

आधारवड उन्मळला. झुंजार नेतृत्वही गेलं. मला भारी मजा येत होती. शेवटी एक वाक्य उरलं. महापुरात त्यांनी गुऱ्हाळातली गूळ शिजवायची भलीमोठी काहील पाण्यात लोटली आणि तिच्यात बसवून अडकलेल्या गावकऱ्यांना बाहेर काढलं. संदर्भ अर्थातच पुरवणीचा.

"उडवू?" मी विचारलं.

काकांनी माउसवरचा माझा हात धरला. मग म्हणाले, "ह्ये खरं हाय. त्या काहिलीत मी बी हुतो. बातमी आणायला गेलतो आणि अडकलो."

"मग छापली नाही?"

"पूर छापला. त्येचं नाव गाळलं. दोस्ताचं कौतुक आपल्याच हातानं कसं छापायचं?"

"आता तुम्हीच सांगताय की! राहू दे."

"मी सांगून संदर्भ हुत न्हाई. छापलेलं लागतं."

आमदार तेव्हा अंथरुणाला खिळले होते. कार्यकर्त्याकडून त्यांना सगळं कळलं असावं. त्यांचा फोन आला. काकांना कमी ऐकू यायचं म्हणून मी स्पीकर लावला. "समदं काढ," थकलेला आवाज म्हणाला, "पर काहील तेवढी ठेव की रं."

काकांनी वाक्य ठेवलं आणि त्यापुढे दोन शब्द टाकायला लावले: 'संदर्भ हवा'. मग ते ग्रंथालयात जाऊन जुने अंक धुंडाळत बसले. दुसऱ्या एखाद्या पेपरानं तरी दोस्ताचं नाव छापलं असेल, अशी त्यांना आशा होती. पण काही मिळालं नाही.

आमदार गेले. त्यांच्यावरच्या मृत्युलेखात काहिलीची गोष्ट आली. कार्यकर्ता डोळे पुसत तो अंक घेऊन दुकानात आला. "घ्या काका, झाला की संदर्भ!"

काकांनी सावकाश वाचलं. चष्मा वर गेला. "कोण म्हणतंय? आपल्याच पानावरनं उचललंय ह्यांनी. शब्दाला शब्द." एवढं म्हणाले आणि माझ्या दुकानातल्या बाकावर बसून ढसाढसा रडले. कार्यकर्त्यानंच त्यांना पाणी दिलं.

यंदा काकाही गेले. त्या काहिलीत बसलेलं माझ्या ओळखीचं आता कुणी नाही. काकांची फार आठवण आली की मी ते पान उघडतो. 'संदर्भ हवा' अजून तिथंच आहे. ते दोन शब्द पुसून टाकावेत असं दर वेळी वाटतं. वाक्य खरं आहे, हे मला पक्कं माहीत आहे.

"कोण म्हणतंय?"

"तुम्हीच की, काका," मी म्हणतो आणि पान तसंच ठेवतो.