तालायचं कोपर

किर्गिझस्तानातल्या बिश्केकमध्ये वेल्डिंगचं दुकान चालवणारा एसेन आता चाळिशीला आलाय. रस्त्यात कुठे भांडण दिसलं की हा गडी वाट बदलतो. लोक त्याला भित्रा म्हणतात, तो ऐकून घेतो.

बावीस वर्षांचा होता तेव्हा मात्र अंगात मस्ती होती. दर रविवारी दुपारी बाजारामागच्या तळघरात चोरून लढती व्हायच्या. बॉक्सिंग, सांबो, जुजुत्सू, ज्याला जे येईल ते त्यानं करावं. समोरचा 'पुरे' म्हणेपर्यंत लढत चालू. एसेन सगळ्यातलं थोडं थोडं उचलून तयार झाला होता.

एका रविवारी समोर आला डोंगरातल्या नारीन गावचा तालाय. घोडे राखणारा, गावाकडच्या कमरपट्ट्याच्या कुस्तीतला. त्यानं एसेनला उचलून असं आपटलं की दोन्ही खांदे जमिनीला टेकले. त्याच्या कुस्तीत इथं खेळ संपतो आणि जिंकणारा हरलेल्याला हात देऊन उठवतो. तालाय हसत वाकला. "ऊठ रे भावा, फार लागलं नाही ना?"

याला वाटतंय लढत संपली, हे एसेनला कळलं होतं. चांगलं कळलं होतं. तरी त्यानं तो हात पकडला, पाय त्याच्या मानेवर टाकले आणि कोपर उलटं दाबलं. कडकन आवाज आला.

तळघराचा एकही नियम मोडला नव्हता. "याला म्हणतात डोकं," म्हणत पोरांनी त्याला खांद्यावर घेतलं. एसेनला त्या खांद्यांवरून उतरावंसं वाटत होतं, पण तो हसत राहिला.

तीन आठवडे त्याला अन्न गोड लागेना. शेवटी माफी मागायला तो नारीनला गेला. तालाय अंगणातच भेटला, हात गळ्यात बांधलेला.

"घरी सांगितलंय, घोड्यावरून पडलो," तो म्हणाला. "उठवायला हात दिला आणि मोडून घेतला, हे बापाला सांगायची लाज वाटते. तुला सांगायचंय तर सांग बाबा."

आत तालायच्या म्हाताऱ्या बापानं मांसाचा मानाचा तुकडा स्वतःच्या हातानं एसेनपुढे ठेवला. एसेननं दोनदा तोंड उघडलं आणि दोन्ही वेळा त्यात घास घातला. जेवण झाल्यावर म्हाताऱ्यानं रिवाजाप्रमाणे तळवे उघडून आशीर्वाद दिला. "पोराचा हात कामातून गेला. पण त्याच्यासाठी एवढा घाट चढून येणारा मित्र देवानं दिला. लेकरा, तुझ्या हातांत कायम बळ राहो."

एसेननं 'ओमीन', म्हणजे तथास्तु, म्हटलं आणि दोन्ही तळवे तोंडावरून फिरवले. शेजारी तालायनं एकच फिरवला.