पायाळू नरसम्मा

खळ दिलेल्या सुताचा आंबूस, ओलसर वास सकाळच्या कोवळ्या उन्हात मिसळला, की सोलापुरातल्या आमच्या गल्लीचा दिवस सुरू होई. समोर विणकरांची घरे, दाराशी पसरलेले ताणे, आत मागांची खटखट आणि दूरवर गिरणीच्या भोंग्याचा लांबलेला सूर. लग्न होऊन मी या गावी आले तेव्हा तो वास मला सोसत नसे. पुढे पुढे तो आला नाही तर चुकल्यासारखे वाटू लागले. सवय ही किती सोशिक आणि किती लबाड असते, नाही? नकोसे ते ती हवेसे करून देते, आणि आपल्या नकळत हवे ते सोडायलाही शिकवते. हे दुसरे शिक्षण मी मन लावून घेतले.

त्याचे असे झाले. आडावर घागर उचलताना एके सकाळी माझ्या कमरेत उसण भरली. मी जागच्या जागी आखडले, घागर हातून सुटली आणि सासूबाईंनी मला धरून घरात नेले. वैद्यबुवांचा लेप झाला, विटेचा शेक झाला, आणि दुखणे यथावकाश ओसरलेही. पण त्या एका क्षणाची कळ शरीरातून निघाली ती मनात जाऊन बसली. सासूबाई मायेने म्हणत, "कंबर जप गं, वाकू नगंस." मी जपली. आधी घागर सोडली, मग दारातली रांगोळी, मग पाटावर बसून जेवणे. एखादी गोष्ट सोडली की घटकाभर सुटल्यासारखे वाटे, आणि दुसऱ्या दिवशी आणखी एखादी गोष्ट धोक्याची दिसू लागे. न वाकणारे अंग आखडते, आखडलेले दुखते, आणि दुखले की भीतीला आयताच पुरावा मिळतो. काठी गिळल्यासारखी ताठ मी घरभर हिंडत असे, आणि यालाच सावधपणा म्हणत असे.

हेही मी निभावून नेले असते. पण माझी शकू तेव्हा तीन-चार वर्षांची होती. दोन्ही हात वर करून ती समोर उभी राही आणि म्हणे, "आई, घे की." मी म्हणे, "नको गं, कंबर दुखते." काही दिवस तिने हट्ट केला, काही दिवस ती रुसली, आणि मग तिने मागणेच सोडले. पडली, खरचटले, तरी ती माझ्याजवळ न येता सासूबाईंच्या पदराशी जाई. कमरेच्या कळेने माझ्या डोळ्यांत पाणी आले नव्हते, ते त्या दिवसांत येऊ लागले.

आमच्याकडे उसणीवर एक जुना तोडगा आहे. जन्मताना ज्याचे पाय आधी बाहेर आले, तो पायाळू. त्याचा पाय पाठीला लागला की उसण उतरते म्हणतात. सासूबाई पायाळू माणसाच्या शोधात निघाल्या आणि समोरच्या घरी थबकल्या. तिथली नरसम्मा घरात तेलुगू बोले आणि आमच्याशी तिचे स्वतःचे मराठी. "तुमच्यात कुनी पायाळू हाय का गं?" सासूबाईंनी विचारले. नरसम्मा ताठ मानेने म्हणाली, "म्या हाय की. आमच्या घरात समदीच पायाळू." एकाच घरावर देवाची एवढी कृपा पाहून सासूबाईंनी हात जोडले.

नरसम्मा पाय धुऊन आली. मी चौकटीला धरून उभी राहिले, तिने माझ्या कमरेवर टाच टेकवली, चांगली दाबली आणि म्हणाली, "आता वाक." पायाळूचा पाय लागल्यावर भ्यायचे कशाला? मी वाकले. कळ आली, थांबली, निघून गेली. इतके दिवस ज्याची धास्ती घेतली होती तो प्रलय काही आला नाही. त्या धिटाईवर मी पुढे तांब्या उचलला, मग अर्धी घागर, मग दारात लहानशी रांगोळीही घातली.

पुढे नरसम्माला नातू झाला. बाळ पाहायला आम्ही तिच्या घरी गेलो तेव्हा सासूबाईंनी मोठ्या आशेने विचारले, "पायाळूच असंल?" नरसम्मा हसत म्हणाली, "आत्ताच कसा हुईल? माग शिकंल तवा हुईल की." मग हळूहळू उलगडा झाला. मागाखालच्या खड्ड्यात पाय सोडून दिवसभर पायांनी मागाच्या पट्ट्या दाबतो, पायांवर पोट भरतो, तो पायाळू, असे ती इतकी वर्षे समजत होती. स्वतः ती चारचौघींसारखी डोक्याकडूनच जन्मली होती. सासूबाईंनी कपाळाला हात लावला, आणि मग आम्ही तिघी डोळ्यांत पाणी येईपर्यंत हसलो.

घरी येऊन मी कमरेकडे लक्ष ठेवून बसले. औषध खोटे निघाले म्हणजे दुखणे परत यायला हवे, नाही का? ते आले नाही. नेहमीचा थोडा ठणका होता, तेवढाच. मग मी वाकले होते ते कुणाच्या बळावर? या विचाराने मला फार बरे वाटले आणि लगेच लाजही वाटली, कारण एवढे सगळे करू लागले तरी शकूला उचलणे मी अजून टाळतच होते.

ती ओसरीवर चिंचोके मांडून खेळत होती. मी तिच्यापुढे वाकले आणि हात पसरले. तिने आपले हात पाठीमागे नेले. "नगं आई," ती म्हणाली, "तुझी कंबर मोडंल." माझी भीती माझ्या लेकीने पाठ करून ठेवली होती. मी म्हणाले, "मोडत नाही गं. ये." ती बिचकत एक पाऊल पुढे आली आणि मी तिला उचलले. केवढी जड झाली होती ती! उभी राहताना कमरेत कळ उठली, आणि माझा श्वास अडकलेला तिला लगेच कळला. अंग चोरून, माझ्या तोंडाकडे पाहत तिने विचारले, "दुखलं?"

"दुखलं," मी म्हणाले, आणि तिला खाली ठेवले नाही.