सवतीची लाल गाडी

आधीच सांगते, माझा असल्या गोष्टींवर काडीचाही विश्वास नाही. माझं माहेर शिनोली. भीमाशंकरच्या रस्त्यावरच्या चकव्याच्या गोष्टी लहानपणापासून इतक्या ऐकल्यात की त्यातली एकही खरी वाटत नाही. शिवाय मी बीसीएस झालेली... कॉम्प्युटर स्वतःहून काही करत नाही, हे मला कुणी शिकवायला नको. तरी हे लिहितेय.

मला निमगाव साव्याला दिली आहे. आमच्या ह्यांची मी दुसरी बायको. पहिली, अश्विनी, काविळीनं गेली. आमच्याकडे दुसरेपणाला दिलेल्या बाईच्या गळ्यात सवतीचा टाक असतो – चांदीचा, नखाएवढा, मंगळसूत्राच्या शेजारी. नवी साडी आली की आधी टाकाला लावायची, मग आपण नेसायची. एकदा मी विसरले तर सासूबाई म्हणाल्या, "आधी तिला दाव, मंग तू नेस. लई हौशी व्हती पोर." माझी हौस कुणी विचारली? जिवंत सवतीशी निदान भांडता तरी येतं. मेलेली कधी चुकत नाही, कधी जाड होत नाही, तिची भाजी कधी खारट होत नाही.

ह्यांचं नारायणगावला कॉम्प्युटर आणि सीसीटीव्हीचं दुकान आहे. मंचरच्या बाजूला हायवेला एक गेम झोन होता, तो बंद पडला. लग्न ठरल्यावर हे आणि अश्विनी तिथे जायचे. मालक मशीनं भंगारात घालतोय असं कळलं तसे हे धावत गेले आणि कार रेसच्या मशीनमधली हार्डडिस्क घेऊन आले. हल्लीच्या मशीनच्या पोटात एक कॉम्प्युटरच असतो. पण तो गेम घरच्या कॉम्प्युटरवर सरळ चालत नाही. आपण अजून त्याच मशीनमध्ये आहोत असं त्याला भासवावं लागतं. म्हणजे त्याचं स्टिअरिंग, त्याची नाणी, सगळं खोटं खोटं पुरवायचं. अख्खा उन्हाळा हे त्यात बुडालेले, जेवायलासुद्धा चारदा हाका माराव्या लागायच्या. "आत्ता जपून नाय ठिवला तर हा गेम कायमचा जाईल गं," म्हणायचे. मला कौतुकच वाटायचं. मग एकदाचा गेम चालू झाला, रेकॉर्डची यादी आली... आणि सगळ्यात वर तीन अक्षरं – ए, एस, एच.

काय जपायचं होतं ते तेव्हा कळलं. तळपायाची आग मस्तकात गेली माझ्या.

मी ठरवलं, हे नाव खाली ढकलायचं. डिलीट करणं काय, चुटकीसरशी झालं असतं, पण मला तिला हरवायचं होतं. हे दुकानात आणि सासूबाई कांद्यात गेल्या की मी स्टिअरिंगवर बसायचे. घाटातल्या एका वळणावर मात्र गाडी हटकून दरीत जायची.

अशीच एक दुपार. एकट्यानं खेळायचं मीच निवडलं होतं, मला पक्कं आठवतंय. तरी सुरुवातीच्या रेषेवर माझ्या शेजारी लाल गाडी येऊन उभी राहिली – दुसऱ्या खेळाडूची. आमच्याकडे स्टिअरिंग एकच. दुसऱ्या खेळाडूसाठी काही जोडलेलंच नव्हतं. तरी ती सुटली, माझ्या पुढे. वळणावर मी नेहमीसारखी दरीत. परत रस्त्यावर आले तर लाल गाडी पुढे थांबलेली, ब्रेकचे दिवे लागलेले. मी जवळ पोचले तशी हलली. पुढच्या फेरीला वळणाच्या आधीच तिनं वेग कमी केला, बाहेरच्या कडेला गेली आणि अलगद आत वळली. मी तिच्या मागोमाग... आणि निघाले की पार!

खरं सांगू? भीती नंतर वाटली, आधी रागच आला. वळण घ्यायलासुद्धा हिनंच शिकवायचं मला?

तुम्ही म्हणाल, गेम आपला आपण खेळून दाखवतो तो डेमो चालू असेल. डेमोत स्टिअरिंग चालत नाही. म्हणाल, कॉम्प्युटरची गाडी असेल. त्या गाड्या कुणासाठी थांबत नाहीत. वायरी, सेटिंग, सगळं तपासून झालं. त्यानंतरही ती बऱ्याचदा आली, पण मी एकटी असतानाच. शेवटी एकदा माझं नाव वर लागलं. त्या वेळी शेवटच्या सरळ रस्त्यावर लाल गाडी माझ्या मागेच राहिली होती. मी जिंकले की तिनं जिंकू दिलं, हे कळत नाही आणि तेच जास्त जाचतं.

ह्यांनी यादी बघितली, "चांगली खेळतीस की," एवढंच म्हणाले. पण दर रविवारी हे दोघांचा खेळ लावतात. लाल गाडी रेषेवर उभी असते. ह्यांची गाडी सुटायची वेळ होते तरी हे निघत नाहीत, नुसते बघत बसतात. गेल्या रविवारी मी चहा आणून ठेवला तर मान न वळवता त्यांनी विचारलं, "तू दुपारची खेळतीस, तवा ही कधी हलती का गं?"

"नाय," मी म्हणाले. "जोडलंय काय तिला, हलायला?"

त्यांनी मान डोलावली आणि चहा घेतला.

ती गाडी कशी चालते, मला आजही सांगता येत नाही. ह्यांना खरं सांगितलं तर हे दुपारी दुकान बंद करून घरी येतील, रोज येतील. ती ह्यांच्यासाठी हलली, तर मला सोसणार नाही. नाही हलली, तर ह्यांचं तोंड मला बघवणार नाही. म्हणून हे तुम्हालाच सांगितलं. आमचे हे असलं काही वाचत नाहीत.