जपान हरायची वाट

बबन, मला सोडायला आबा नगर स्टेशनवर आले, पण टांग्यावरून उतरले नाहीत. लष्कराच्या ट्रकांना घोडा बुजतो, म्हणाले. निघताना आईने हातावर दही घातलं होतं. दही खाऊन निघालेलं माणूस परत येतं, एवढं आठव्या वर्षी मला ठाऊक होतं. आत्या तिकीट काढायला गेली तेव्हा आबा वाकून म्हणाले, "लढाई सरली की न्यायला येतो बघ."

खडकीला आत्याचे यजमान दारूगोळ्याच्या कारखान्यात होते. मूलबाळ नव्हतं. आपल्याकडे रेशनच्या बाजरीत खडे, त्यात तुझी भाकरी मोठी की माझी यावर भांडणं. इथं ताटात गव्हाची पोळी पडायची. तरी मी शेजारच्या फिटरकाकांना रोज विचारायची, लढाई कुठवर आली?

जर्मनी हरला तेव्हा पेढे वाटले. मी दोन्ही परकर पिशवीत कोंबून पायरीवर जाऊन बसले. फिटरकाका हसले, "अगं, जपान बाकी आहे अजून!" मग काय, जपान हरावा म्हणून मी सोमवार धरले. माझ्या उपासांनी की कशाने, हरला एकदाचा. पुन्हा पिशवी भरली. आठ दिवस शाळेतून आले की पायरीवर.

शेवटी आत्याने विचारलं, "कुठं निघालीस गं?"

"आबा न्यायला येणारेत. लढाई संपली ना."

तिने मला आत नेलं, रेशनकार्ड काढून दाखवलं. माझ्या नावापुढे 'मुलगी' लिहिलेलं. "तुला मला दिलीया, बाळा. कुनी सांगितलं न्हाई व्हय तुला?" आणि तीच रडायला लागली.

दिवाळीत मी नगरला आले तेव्हा आबांना विचारलं. ते घोड्याला खरारा करत राहिले. आई म्हणाली, "तिथं पोटभर मिळतंय ना?"

तूही भेटलास की तेच म्हणतोस, "आक्का, तुझं नशीब लई चांगलं." असेल. पोटभर जेवले, शिकले, नोकरी केली. पण बबन, माझा राग काही जात नाही. अर्धी भाकरी खाऊन मी तुमच्यात राहिले असते. निदान विचारायचं तरी होतं मला.

चार दिवस घरी ये, असं लिहिलंयस. येईन, पण पाहुणी म्हणून. घर कुठलं असं कुणी विचारलं तर मी खडकी सांगते. आबा माझ्याशी खोटं बोलले. आत्या खोटं बोलली नाही.