मेसवाल्या तात्यांचं रताळ्याचं जेवण

स्वयंपाकाला लागण्यापूर्वी तात्या कोपरापर्यंत हात धुवायचे, तेही घराच्या दारात उभं राहून, येणाऱ्याजाणाऱ्याला दिसेल असे. साबण लावायचे, पाणी ओतायचे, पुन्हा साबण लावायचे. मला आधी ती लष्करी शिस्त वाटली. त्यांना ते कुणाला तरी दाखवायचं होतं, हे फार उशिरा कळलं.

वडूजजवळच्या त्या गावात मी साठच्या दशकाच्या सुरुवातीला शिक्षिका म्हणून गेले. माझं माहेर सांगलीकडचं, ऊसवाल्या शेतकऱ्यांचं. तात्यांनी वीस वर्षं पलटणीत अधिकाऱ्यांच्या मेसमध्ये स्वयंपाक केला होता, म्हणून गाव त्यांना मेसवाला म्हणे. धर्मांतराच्या वेळी त्यांच्या घरानं बौद्ध धम्म स्वीकारला. गावानं मात्र त्यांच्या हातचं पाणी तेव्हाही घेतलं नाही आणि नंतरही नाही. ज्यांच्या हातचं मोठमोठे साहेब मागून खात, त्यांच्या हातचं खाणारं गावात घरच्यांशिवाय कुणी नव्हतं.

त्यांचा हातखंडा पदार्थ म्हणजे शेफर्ड पाय. मटण सुरीनं बारीक करून कांद्यागाजराबरोबर शिजवायचं, वर उकडून कुस्करलेल्या बटाट्याचा थर द्यायचा आणि भट्टीत भाजायचं. गावात भट्टी नव्हती, म्हणून तात्या पातेल्यावर तवा ठेवून त्यावर निखारे घालत. बटाट्याऐवजी घरची रताळी घेत. म्हणत, "गोडाखाली तिखट लय बरं लागतं. सायबाला सुचलं नसतं." शेफर्ड म्हणजे मेंढक्या, हे त्यांनीच मला सांगितलं. "त्येंच्यात मेंढक्याचं जेवण सायबाच्या टेबलावर येतं, बाई. आपल्यात मेंढक्याला वसरीवर घेत न्हाईत."

त्यांची नात सुजाता माझ्या वर्गात होती. अबोल, पण गणितात सगळ्यांच्या पुढे. चौथीला तिला शिष्यवृत्ती मिळाली. त्यांच्या घरातली शाळेत इतकं शिकलेली ती पहिलीच. तात्या इस्त्रीचा सदरा घालून शाळेत आले आणि हेडमास्तरांना नि मला शनिवारच्या दुपारी जेवायला बोलावून गेले. हेडमास्तरांनी आदल्या दिवशीच काम काढलं. मी गेले.

अंगण सारवलेलं होतं. दोन पाट मांडले होते, त्यातला एक त्यांनी मी बसल्यावर हळूच उचलला. मग पातेल्यावरचा तवा काढला. रताळ्याचा थर तांबूस झाला होता आणि कडेनं रस्सा उकळत होता. मटण मी लहानपणापासून खात आलेली. पण ताट समोर आलं आणि मी म्हणाले, की आज माझा शनिवार आहे, उपवास.

तात्यांनी ताट मागे घेतलं. शाळेत मला दर शनिवारी डबा खाताना सुजाता बघत असे. ती खाली मान घालून बसली होती.

"आसं व्हय," तात्या म्हणाले. "माझंच चुकलं, इचारायला पायजे हुतं. रताळं उपासाला चालतं. वाईच बसा."

त्यांनी पुन्हा हात धुतले. कोरं मडकं काढलं, नवी रताळी उकडली, तूप-मीठ घालून कुस्करली आणि निखाऱ्यावर ठेवली. तासभर गेला. आता नाही कसं म्हणायचं? मी म्हणाले, उपवास संध्याकाळी सोडते, घरी नेऊन खाईन. त्यांनी ते केळीच्या पानात बांधून दिलं.

ओढ्यापाशी एक गाय चरत होती. मी इकडेतिकडे पाहिलं आणि पान तिच्यापुढे सोडलं. वळले तर सुजाता उभी. माझी विसरलेली छत्री द्यायला ती पळत आली होती. छत्री माझ्या हातात देऊन ती परत गेली.

ज्यांच्या घरात मी भाड्यानं राहत होते त्या काकूंची भीती वाटली, असं मी पुढे स्वतःला सांगत राहिले. ते निम्मंच खरं होतं.

सोमवारी सुजाता टेबलापाशी आली. "आजोबांनी इचारलंय, आवडलं का?"

"छान होतं," मी म्हणाले.

"सांगते," ती म्हणाली आणि जागेवर जाऊन बसली.

पुढच्या जूनमध्ये माझी बदली झाली. निरोपाला तात्या एसटीपर्यंत आले. रताळं आवडणारी बाई म्हणून त्यांनी माझी कंडक्टरशी ओळख करून दिली. मी खिडकीतून हात जोडले. त्यानंतर ते मला दिसले नाहीत.

सात-आठ वर्षांनी साताऱ्याच्या एसटी स्टँडवर एका मुलीनं मला हाक मारली. सुजाताच ती, नर्सिंग शिकत होती. तात्या आदल्या हिवाळ्यात वारले होते. आजीला घेऊन ती जवळच एका खोलीत राहत होती. घरी चला म्हणाली.

आजीनं मला लगेच ओळखलं. "बाई आपल्या हातचं जेवल्या, म्हून लय जनांना सांगायचे," ती म्हणाली. "शेवटच्या दुखन्यात डाक्टरालाबी सांगितलं."

आजी चुलीकडे वळल्यावर मी सुजाताला हळूच विचारलं, "तू त्यांना कधीच सांगितलं नाहीस?"

"न्हाई," ती म्हणाली. "तुमी सांगाल असं वाटलं हुतं."

त्या दुपारी मी तिथं जेवले. भाकरी आणि आमटी होती. आजी वाढत गेली आणि मी नको म्हणाले नाही. सुजाता माझ्याकडे बघत नव्हती.