म्हशीबरोबर माहेरी आलेली आत्या

वडिलांची आत्या लग्नानंतर थोड्याच दिवसांत माहेरी, कुडपणला परत आली आणि जन्मभर तिथेच राहिली. आमच्या घरात तिच्याविषयी एवढंच माहीत होतं. का आली, हे कुणी विचारलंही नव्हतं. गेल्या वर्षी मी महाडला राहायला आले आणि चौकशीला लागले.

काका म्हणाले, "नवरा मारकुटा होता." कुडपणच्या शेजारणीने, एका म्हातारीने, ते उडवून लावलं. "मारकुटा कसला गो! घोरायचा. आणि तो हाय की अजून शिवथरला. त्यालाच इचार!"

मी धरून चालले होते की तो केव्हाच गेला असेल. रविवारी शिवथर गाठलं. ओटीवर नव्वदीचे आजोबा सुपारी कातरत होते. त्यांची दुसरी बायको शेजारी कुळीथ निवडत होती. मी कोण ते सांगताच आजोबांनी अडकित्ता खाली ठेवला.

"त्या म्हशीनं घात केला," ते म्हणाले.

"कुठल्या म्हशीनं?"

"तुझ्या आजीनं माहेरची म्हस आणली होती. ती आमच्याकडं वैरणीला तोंड लावीना. ही म्हणाली, हिला वर कुडपणला सोडून येते. गेली ती गेलीच. मी न्यायला गेलो, तर म्हणते, म्हस नांदली तर मी नांदेन."

"मग?"

"मग काय! म्हशीची मनधरणी केली. तिनं शिंग मारलं."

मी हसू आवरत होते, पण त्यांची बायको केव्हाच हसायला लागली होती.

"मला भेटायची ती, महाडच्या बाजारात," ती म्हणाली. "पहिल्याच भेटीत इचारलं, घोरतात का अजून? मी म्हटलं, हो. तर तिनं विकायला आणलेलं तूप माझ्याच हातात ठेवलं. मग दर बाजाराला आम्ही स्टँडावर भजी खायचो. हसून हसून डोळ्यांत पाणी यायचं तिच्या."

आजोबा बघतच राहिले. "मला कधी बोलली नायस तू!"

"तुम्हांला काय सांगायचं? तुमच्याबद्दलच बोलायचो."

आजोबांनी पुन्हा अडकित्ता उचलला, पण सुपारी काही कातरेनात. निघताना त्यांनी मला हळूच विचारलं, "शेवटी आजारी होती का गो ती?" 

घरी आल्यावर वडिलांना फोन करून सगळं सांगितलं. 

"आमच्यावर तर कायम डाफरायची," ते म्हणाले. "हसायची पण?"